काकूच्या फराळाचं पान आणि सीएसएसशी झटापट : कामाच्या नोंदी

रविवार, ७ सप्टेंबर २०२५

काल अनंत चतुर्दशी झाली. गिरगावात काकूकडेच होतो, झोप जेमतेम तीन तास. तरी आज लॅपटॉप उघडून बसलो, कारण दसऱ्याला पंचवीसच दिवस उरलेत आणि काकूच्या फराळाच्या ऑर्डरी दसऱ्यापासून सुरू होतात.

काकू गेली अकरा वर्षं दिवाळीचा फराळ करून देते. ऑर्डर फोनवर, हिशेब वहीत. गेल्या वर्षी एकाच आडनावाच्या दोन घरांच्या डब्यांची अदलाबदल झाली आणि मधुमेह असलेल्या एका आजोबांकडे दोन किलो बेसनाचे लाडू पोचले. (आजोबा खूश होते. घरचे नव्हते.) तेव्हा मी जेवता जेवता बोलून गेलो, "काकू, तुला एक वेबपेज करून देतो." तिनं ते लक्षात ठेवलं.

मी अकाउंट्समध्ये काम करतो. एचटीएमएल, म्हणजे पानावर काय काय आहे ते लिहायची भाषा, कामापुरती येते. सीएसएस, म्हणजे ते सगळं कसं दिसावं ते सांगणारे नियम; त्यातलं आजवर रंग आणि अक्षरांचा आकार, बस्स. या नोंदी माझ्याइतपतच येणाऱ्या कुणासाठी तरी. कोडमधले शब्द इथे देवनागरीत लिहितोय. टाइप करताना ते अर्थातच रोमनमध्ये. (मागाहून भर: हे वाक्य मी सहज लिहिलं होतं. ९ तारीख वाचा.)

पहिली चूक आजच केली. ११०० रुपये देऊन एक तयार टेम्प्लेट विकत घेतलं. इंग्रजी मजकूर होता तोवर देखणं होतं. त्यात 'चकली', 'करंजी', 'अनारसे' टाकलं आणि शिरोरेघ प्रत्येक अक्षरानंतर तुटली. अक्षरं गच्चीत वाळत घातलेल्या पापडांसारखी सुटी सुटी. तासभर फॉन्टला दोष दिला. दोष होता लेटर-स्पेसिंग: २ पिक्सेल (दोन अक्षरांमधली जागा) या ओळीचा. रोमन अक्षरांत ती ऐट वाटते, देवनागरीत रेघ फाटते. ती शून्य केली, तर आणखी सहा ठिकाणी तीच निघाली. सीएसएसची फाइल चार हजार ओळींची, कुठली ओळ कशासाठी आहे याचा पत्ता नाही.

रात्री टेम्प्लेट टाकून दिलं. कोऱ्या फाइलपासून सुरू करतोय. खर्च ११०० रुपये, वेळ पाच तास, हाती काही नाही.

मंगळवार, ९ सप्टेंबर

ऑफिसातून आल्यावर दीड तास. प्रत्येक पदार्थाचा एक चौकोन, म्हणजे कार्ड. त्या कार्डांना पॅडिंग (कडेपासून आतली मोकळी जागा) द्यायचं होतं. दिलं. काही हललं नाही. वाढवलं, काही नाही. कंट्रोल-शिफ्ट-आर दाबून पान पुन्हा मागवलं, तरी नाही. ब्राउझर बदलला. लॅपटॉप बंद करून चालू केला.

शेवटी कार्डावर उजवी टिचकी मारून 'इन्स्पेक्ट' उघडलं. उजव्या बाजूला माझी ओळ होती, पण मधोमध रेघ मारलेली आणि शेजारी पिवळा त्रिकोण. निरखून पाहिलं तर आकडा '१६' असा. देवनागरीतला! भाव टाइप करताना कीबोर्ड मराठीत नेला होता, तो परत आणलाच नाही. माझ्या डोळ्याला १६ म्हणजे १६, त्यात वावगं काय दिसणार?

इथे एक गोष्ट पदरात पडली. सीएसएस चुकलेल्या ओळीबद्दल चकार शब्द काढत नाही. न कळलेली ओळ वगळतं आणि पुढे जातं. अर्धविराम राहिला तर खालची ओळही सोबत जाते, महिरपी कंस मिटवायचा राहिला तर त्याच्या खालचा बराच भाग. म्हणून 'बदललं पण दिसत नाही' झालं की आकड्यांशी खेळण्याआधी इन्स्पेक्टमध्ये ओळ जिवंत आहे का ते बघायचं. रेघ मारलेली असेल तर तिथेच थांबायचं.

शुक्रवार, १२ सप्टेंबर

लोकलमध्ये फोनवर पान उघडलं. सगळं मुंगीएवढं. फोन अख्खं लॅपटॉपचं पान आक्रसून दाखवत होता. एचटीएमएलच्या डोक्यात व्ह्यूपोर्टची मेटा ओळ (पान किती रुंद धरायचं ते ब्राउझरला सांगणारी) घातली नाही तर फोनवरचे ब्राउझर पान साधारण ९८० पिक्सेल रुंद समजून मांडतात आणि मग लहान करतात. ती ओळ घातली, पाच मिनिटांत काम झालं. म्हणजे मुंगीएवढं दिसणं थांबलं. त्याऐवजी पान आता आडवं सरकायला लागलं.

रविवार, १४ सप्टेंबर

आजचा दिवस काकूच्या स्वयंपाकघरात गेला. आडवं सरकण्याचा उलगडाही तिथेच झाला, तो असा.

फॉर्ममध्ये तीन चौकटी: नाव, पत्ता, आणि विभाग निवडायची यादी. तिन्हींना विड्थ: १००%. काकूच्या फोनवर नाव आणि पत्त्याच्या चौकटी उजवीकडे बाहेर पडत होत्या, यादी मात्र शहाण्यासारखी रेषेत. तिघींना नियम एकच, मग दोघीच का उंडारतात?

मी डोकं खाजवत होतो, तेवढ्यात काकू नमुन्याचे लाडू मोजायला बसली. तराजूवर रिकामा डबा ठेवला, काटा शून्यावर आणला, मग लाडू भरले. म्हणाली, "बाजारात काही जण डब्यासकट अर्धा किलो देतात. आपला अर्धा किलो म्हणजे माल अर्धा किलो, डबा वेगळा."

हेच ते! सीएसएसमध्ये विड्थ म्हणजे मुळात आतला माल. पॅडिंग आणि बॉर्डर म्हणजे डबा, तो वरून. काकूच्या फोनची रुंदी ३६० पिक्सेल. दोन्हीकडे १६ सोडून आत जागा ३२८. चौकटीचा माल ३२८, त्यावर पॅडिंग १२ अधिक १२, बॉर्डर १ अधिक १. झाले ३५४. डावीकडून १६ वर सुरुवात, म्हणजे उजवी कड ३७० वर. दहा पिक्सेल स्क्रीनच्या बाहेर. आणि यादी रेषेत का? कारण निवडायच्या यादीला ब्राउझर स्वतःच डब्यासकट मोजतो, लिहायच्या चौकटींना मोजत नाही.

उपाय एका ओळीचा: फाइलच्या सुरुवातीला सगळ्यांसाठी बॉक्स-सायझिंग: बॉर्डर-बॉक्स. आता सगळेच डब्यासकट. लॅपटॉपवर तीन कार्डं एका ओळीत न मावता तिसरं खाली का पडतंय हा चार दिवसांचा घोळही त्याच ओळीनं मिटला. तिथे ३३.३३% चे तीन आणि वर प्रत्येकाचं पॅडिंग, कसे मावणार?

बॉडीला, म्हणजे अख्ख्या पानाला, ब्राउझर आपणहून ८ पिक्सेल मार्जिन (बाहेरची मोकळी जागा) देतो, तेही शून्य केलं.

एवढं करून फोनवर ठीक झालं, पण लॅपटॉपवर पान अजून किंचित आडवं हलत होतं. बोटभरसुद्धा नाही. कारण सापडेना. रात्रीचे अकरा वाजले होते, शेवटची गाडी चुकवायची नव्हती. सगळं पान ज्या बाहेरच्या डिव्हमध्ये (एचटीएमएलचा साधा डबा) आहे त्याला ओव्हरफ्लो-एक्स: हिडन, म्हणजे आडवं बाहेर जाईल ते लपव, असं लावलं. हलणं बंद. खूश होऊन निघालो.

(मागाहून भर: हा माझा या कामातला सर्वात महागात पडलेला शॉर्टकट.)

बुधवार, १७ सप्टेंबर

'संपले' असा लाल बिल्ला कार्डाच्या उजव्या वरच्या कोपऱ्यात हवा होता. बिल्ल्याला पोझिशन: ॲब्सोल्यूट, टॉप ८, राइट ८. चाचणीसाठी चार पदार्थांवर लावला. चारही बिल्ले उडून थेट पानाच्या उजव्या वरच्या कोपऱ्यात, एकावर एक, काकूच्या नावाशेजारी. काकूला स्क्रीनशॉट पाठवला, तिचा फोन आला. "अरे, दुकान उघडायच्या आधीच संपलं होय?"

मी काय केलं? टॉप ४१२, राइट ९३०. चकलीवर बसला. शाबासकी दिली स्वतःला. मग फोनवर पाहिलं तर बिल्ला दिसेचना, डावीकडे स्क्रीनबाहेर गेला होता. फोनसाठी वेगळे आकडे लिहिले. मग चिवड्याचं वर्णन एका ओळीनं वाढलं आणि खालचे सगळे बिल्ले पुन्हा चुकले. चाळीस मिनिटं आकडे बदलत बसलो.

ॲब्सोल्यूट वस्तू कुणापासून मोजायची हे आईवडलांकडे, आजीआजोबांकडे, म्हणजे ज्या डब्यांच्या आत ती आहे त्यांच्याकडे, असं वर वर विचारत जाते. ज्या पहिल्या पूर्वजाला स्टॅटिक सोडून दुसरी पोझिशन दिलेली असेल त्याचा कोपरा धरते. कुणीच नसेल तर पानाचाच. माझ्या घराण्यात कुणालाच दिलेली नव्हती. कार्डाला पोझिशन: रिलेटिव्ह ही ओळ लिहिली, कार्ड स्वतः तसूभरही हललं नाही, आणि चारही बिल्ले आपापल्या घरी गेले. आकडे पुन्हा ८ आणि ८.

टॉपमध्ये तीन आकडी संख्या टाइप होतेय असं दिसलं की आता हात थांबवतो.

शनिवार, २० सप्टेंबर

कार्डं मी फ्लोट: लेफ्टनं (एकामागून एक डावीकडे सरकवून) मांडली होती, कारण ज्या जुन्या धड्यावरून शिकलो त्यात तसंच होतं. आज कार्डांमागे बदामी रंग द्यायला गेलो, तर रंग उमटेना. ज्या डिव्हमध्ये कार्डं आहेत त्याची उंची इन्स्पेक्टमध्ये शून्य! फ्लोट केलेली पोरं आईबापाच्या उंचीत धरली जात नाहीत. यावर जुने तोडगे आहेत, पण फ्लोटच काढून टाकला आणि डिस्प्ले: फ्लेक्स (आतल्या वस्तू ओळीत मांडायची रीत), फ्लेक्स-रॅप: रॅप, गॅप: १६ पिक्सेल केलं. रंग आला.

लगेच नवं दुखणं. कार्डात डावीकडे फोटो, उजवीकडे मजकूर अशी आतली मांडणीही फ्लेक्सनं केली, तर अनारशाचा फोटो उभा ताणला गेला. गोल अनारसे अंडाकृती. फ्लेक्समध्ये अलाइन-आयटम्स मुळात स्ट्रेच असतं, शेजारचा मजकूर जेवढा उंच तेवढा फोटोही ओढला जातो. अलाइन-आयटम्स: फ्लेक्स-स्टार्ट. आता उंची बरोबर, पण करंजीचा फोटो मात्र बारीक, कारण तिचं वर्णन लांब आणि जागा कमी पडली की फोटो आक्रसतो. फोटोला फ्लेक्स-श्रिंक: ० (आक्रसू नकोस) दिलं, वर ऑब्जेक्ट-फिट: कव्हर (न ताणता चौकट भर). पानाच्या वरच्या मोठ्या फोटोखाली, जो फ्लेक्समध्ये नाही, चार-पाच पिक्सेलची फट उरत होती, ती डिस्प्ले: ब्लॉकनं गेली, असा फोटो ओळीतल्या अक्षरासारखा बसतो आणि खाली उकाराला जागा सोडतो, म्हणून ती फट.

जस्टिफाय-कंटेंट आणि अलाइन-आयटम्समध्ये कोण आडवं, कोण उभं हे अजून पाठ होत नाही. फ्लेक्स-डिरेक्शन: कॉलम केलं की दोघं जागा बदलतात, म्हणून पाठ करण्यात अर्थही नाही. एक लावून बघतो, चुकलं तर दुसरं.

रविवार, २१ सप्टेंबर

सर्वपित्री. काकूकडे पानं वाढली होती, काम दुपारनंतर. पानाच्या अगदी वर, भगव्या पट्टीच्याही वर, पांढरी फट. पट्टीला मार्जिन शून्य, बॉडीला शून्य. फट २१ पिक्सेलची. ती निघाली आतल्या मथळ्याची. मथळ्याचं वरचं मार्जिन पट्टीतून गळून बाहेर आलं होतं आणि अख्खी पट्टी खाली ढकलत होतं. पट्टीला १ पिक्सेल पॅडिंग दिलं, गळती बंद. डिस्प्ले: फ्लो-रूटनंही होतं, ते जास्त नीटनेटकं, तेच ठेवलं. पंचवीस मिनिटं.

बुधवार, २४ सप्टेंबर

नवरात्र सुरू, गाड्यांना गर्दी, घरी पोचायला नऊ. मेनू दाबला की खाली उघडणारी यादी मोठ्या फोटोवरच्या मजकुरामागे दडत होती. झेड-इंडेक्स (कोण कुणाच्या वर ते ठरवणारा आकडा) १० दिला. ९९ दिला. ९९९९ दिला. मग ९९९९९९ दिला. रागानं दिला, त्यामागे विचार काही नव्हता.

कारण अर्ध्या रात्री मिळालं. वरची पट्टी काचेसारखी दिसावी म्हणून मी तिला ओपॅसिटी (एक म्हणजे पूर्ण अपारदर्शक) ०.९७ दिली होती. ओपॅसिटी एकपेक्षा किंचितही कमी झाली की त्या वस्तूचा आपला वेगळा मजला तयार होतो. यादी त्या पट्टीच्या आत, म्हणजे तिचा ९९९९९९ फक्त त्या मजल्यापुरता. आणि फोटोवरच्या मजकुराला मी कधीतरी झेड-इंडेक्स १ दिलेला, तो अख्ख्या पट्टीच्या वरचा मजला. चाळीत पहिल्या मजल्यावरच्या खोलीत शिडी लावून कितीही चढलं, तरी डोकं छताला लागतं, दुसऱ्या मजल्यावर जाता येत नाही.

ओपॅसिटी काढली, पट्टीच्या पार्श्वरंगालाच थोडा पारदर्शक केलं, पट्टीला पोझिशन: रिलेटिव्ह आणि झेड-इंडेक्स १०. यादीचा आकडा सहावरून दोन अंकांवर आणला. ट्रान्सफॉर्मनंही (वस्तू फिरवायची-सरकवायची ओळ) असाच वेगळा मजला होतो असं कळलं. शिवाय ट्रान्सफॉर्म लावलेल्या डिव्हच्या आत पोझिशन: फिक्स्ड ठेवलं तर ते स्क्रीनला न चिकटता त्या डिव्हला चिकटतं. माझं 'ऑर्डर द्या' बटण शुक्रवारपासून का भटकत होतं तेही समजलं. बटण उचलून बॉडीच्या शेवटी ठेवलं. दोन तास दहा मिनिटं.

शुक्रवार, २६ सप्टेंबर

सकाळच्या गाडीतला मित्र हेच काम पोटापाण्यासाठी करतो. त्याला आजवर विचारलं नव्हतं, कारण तो हसेल. विचारलं, हसला. मग म्हणाला, "तू जी वस्तू हललीय तिलाच धरून बसतोस. तिचं घर बघ. सगळ्यांना लाल आउटलाइन लाव आणि कोण कुणाच्या बाहेर लोंबतोय ते बघ. बॉर्डर लावू नकोस, बॉर्डर जागा खाते, आउटलाइन खात नाही." कुर्ल्याला गर्दी चढली आणि शिकवणी आटोपली.

रविवार, २८ सप्टेंबर

'गोड', 'तिखट', 'उपवासाचं' अशी विभागांची पट्टी खाली सरकताना वर चिकटून राहायला हवी. पोझिशन: स्टिकी. चिकटली नाही. टॉप लिहायचं राहिलं होतं. टॉप: ० लिहिलं, तरी नाही.

दोन तास गेले. पट्टीची सगळी वैशिष्ट्यं तपासली, दुसऱ्या कोऱ्या फाइलमध्ये नेली, तिथे चिकटली! म्हणजे पट्टी निर्दोष. मित्राचं वाक्य आठवलं आणि इन्स्पेक्टमध्ये तिचे पूर्वज एकेक करून वर चढत गेलो. तिसऱ्या पायरीवर भेटलो कुणाला? १४ तारखेच्या मलाच. ओव्हरफ्लो-एक्स: हिडन.

आडवं लपवलं की ब्राउझर उभ्या दिशेला आपणहून ऑटो धरतो, आणि तो डिव्ह स्वतःच एक सरकणारी खिडकी बनतो. स्टिकी मग पानाला सोडून त्या खिडकीला चिकटायला बघते, आणि ती खिडकी तर कधी सरकतच नाही. ओव्हरफ्लो-एक्स: क्लिप लिहिलं तर खिडकी बनत नाही, पट्टी चिकटते. मोह झाला. पण मग मूळ कारण तिसऱ्यांदा कुठेतरी डोकं काढणार.

म्हणून ती ओळ उडवली. पान पुन्हा किंचित आडवं हलायला लागलं, चौदा दिवसांपूर्वीसारखं. सगळ्यांना लाल आउटलाइन. पान लग्नाच्या मांडवासारखं दिसायला लागलं, पण एक रेघ उजवीकडे बाहेर गेलेली स्पष्ट दिसली: वरचा मोठा फोटो. त्याला विड्थ: १०० व्हीडब्ल्यू (खिडकीच्या रुंदीचे शंभर टक्के) लिहिलं होतं. माझ्या लॅपटॉपवर उभ्या स्क्रोलबारची जागाही त्या १०० मध्ये धरली जाते, म्हणजे फोटो पानापेक्षा स्क्रोलबारएवढा रुंद. फोनवर स्क्रोलबार जागा घेत नाही, म्हणून तिथे कधी दिसलंच नाही. १०० व्हीडब्ल्यूच्या जागी १००%. हलणं थांबलं, पट्टी चिकटली.

काकूनं मधूनच येऊन स्क्रीन बघितली. "हे लाल कशाला? सुतक असल्यासारखं वाटतंय." तिला कुठल्या अंगानं तसं वाटलं कोण जाणे, पण आउटलाइन काढून टाकली.

मंगळवार, ३० सप्टेंबर

दोन किरकोळ, दोन्ही फोनवर.

मथळ्यांना जुन्या टेम्प्लेटमधून आणलेली लाइन-हाइट: १ (ओळीची उंची अक्षरांच्या आकाराएवढीच) तशीच होती, आणि वर ओव्हरफ्लो: हिडन. 'कुरकुरीत'मधली वेलांटी वरून छाटलेली आणि उकार खालून. देवनागरीला वरखाली मोकळी जागा लागते. १.५ केली. फॉन्टही बदलून 'मुक्त' नावाचा घेतला; मुंबईच्याच 'एक टाइप' या अक्षरकारांच्या गटानं केलेला, फुकट वापरता येतो, आणि जोडाक्षरं लहान आकारातही वाचता येतात.

पहिल्या पडद्याला हाइट: १०० व्हीएच (स्क्रीनच्या उंचीचे शंभर टक्के) होती. फोनमध्ये वर पत्त्याची पट्टी असते, तिच्यामागची जागाही १०० व्हीएच मोजतं, त्यामुळे खालचं बटण अर्धं कापलेलं. १०० डीव्हीएच केल्यावर पूर्ण दिसलं. हे एकक २०२२ पासून ब्राउझरांत आलं, जुन्या फोनसाठी त्याच्या वरच्या ओळीत १०० व्हीएच तसंच ठेवलं. न कळलेली ओळ वगळण्याचा सीएसएसचा जो स्वभाव ९ तारखेला नडला, तोच इथे उपयोगी पडला.

बुधवार, १ ऑक्टोबर

उद्या दसरा. ऑफिसातून थेट काकूकडे. तिच्या हातात फोन दिला आणि काही न बोलता बघत बसलो. पान उघडलं, आणि सगळी कार्डं फुटलेली. भाव खालच्या कार्डात सांडलेले, शंकरपाळ्यांचा भाव चिरोट्यांच्या नावावर. माझ्या फोनवर तर नीट!

काकूनं अक्षरं मोठी करून ठेवलीत. मोतीबिंदूच्या ऑपरेशनपासून. आणि मी कार्डांना हाइट: ३२० पिक्सेल ठोकली होती, सगळी एकसारखी दिसावीत म्हणून. अक्षरं वाढली, डबा वाढला नाही, माल उतू गेला. हाइटच्या जागी मिन-हाइट केलं. एक शब्द. तिच्या गिऱ्हाइकांतल्या निम्म्या बायका तिच्याच वयाच्या आहेत, आणि मी तीन आठवडे फक्त माझ्या फोनवर तपासत होतो.

मग काकूनं फॉर्म भरला, पत्त्यात व्यंकटेशाच्या एका लांबलचक नावाची सोसायटी लिहिली. सारांशाच्या चौकटीत ते नाव न तुटता बाहेर गेलं. वर्ड-ब्रेक: ब्रेक-ऑल लावलं तर इतर शब्दही भलतीकडे मोडायला लागले. ओव्हरफ्लो-रॅप: एनीव्हेअर लावलं, आता मावतच नसेल तरच मोडतं.

साडेअकराला पान गिटहब पेजेसवर (वेबपेज ठेवायची एक ऑनलाइन सेवा) चढवलं. त्याचे पैसे पडले नाहीत.

गुरुवार, २ ऑक्टोबर, दसरा

सकाळी काकूनं लॅपटॉपला हळदकुंकू लावलं, कळफलकात अक्षता गेल्या. 'एस' अजून अडकतो.

लिंक तिच्या भजनी मंडळाच्या ग्रुपवर गेली. संध्याकाळपर्यंत अकरा ऑर्डरी. त्यातल्या चार जणींनी पान बघून भाव वाचले आणि मग फोनच केला. काकूनं त्या वहीत लिहिल्या.

शनिवार, ४ ऑक्टोबर

हिशेब, कुणाला अंदाज हवा असेल तर. पैसे: टेम्प्लेटचे ११००, पाण्यात. बाकी शून्य. वेळ: सुमारे ३८ तास, पैकी खरोखर काही लिहिण्यात बारा-तेरा. उरलेले शोधण्यात. एकट्या १४ तारखेच्या त्या ओळीचे, घालण्यापासून काढण्यापर्यंत, साडेतीन.

राहिलेलं: टॅबलेटवर पाचवं कार्ड शेवटच्या ओळीत एकटं पडतं आणि पूर्ण रुंद होतं. ग्रिड (सीएसएसमधली मांडणीची आणखी एक रीत) वापरून बघायचंय. दिवाळीनंतर.

शनिवार, ११ ऑक्टोबर

दुपारी काकूचा फोन. "भाजणी संपत आली, आता चकली घेऊ नकोस." दादरला उभ्या गाडीत फोनवरूनच फाइल उघडली, चकलीच्या कार्डात एक शब्द वाढवला, कीबोर्ड इंग्रजीत आहे ना ते दोनदा बघून. परळ यायच्या आत बिल्ला लागला. चकलीवरच.